कुवेत सुटला ती पोपटी

माघ लागला की आमच्याकडची शेतं दुसऱ्यांदा हिरवी होतात. भात कापून नेलेलं असतं, खाचरांत नुसती धसकटं उरलेली असतात आणि त्या धसकटांमधून वाल अंग धरतो. त्याला कोणी पाणी देत नाही. रात्रीच्या दवावर तो वाढतो, फुलतो, शेंगांनी लगडतो. बांधावर भांबुर्डी माजलेली असते. तिचं पान चुरगळलं की ओव्यासारखा, जरा औषधी, जरा रानटी वास दिवसभर बोटांना चिकटून राहतो. अलिबागपासून मुरुडपर्यंत रस्त्याच्या कडेला शेंगांचे ढीग लागतात आणि काशीदच्या बाजूला जिथे तिथे पाट्या झळकतात, ‘पोपटी पार्टीची ऑर्डर घेतली जाईल.’ या पाट्या बघितल्या की माझं डोकं फिरतं.

पोपटी ठाऊक नाही असा माणूस आता फारसा राहिलेला नाही, पण असलाच तर सांगते. मातीच्या मडक्यात तळाला भांबुर्डीचा पाला घालायचा, त्यावर वालाच्या अख्ख्या शेंगा, खडेमीठ, ओवा, हौस असेल तर मसाला लावलेली कोंबडी, अंडी, बटाटे. वर पुन्हा पाला कोंबून तोंड बंद करायचं. मग मडकं शेतात उपडं ठेवायचं, भोवती पेंढा, काटक्या, सुक्या झावळ्या रचायच्या आणि पेटवून द्यायचं. आत पाण्याचा थेंब घालायचा नाही. शेंगा आपल्याच ओलाव्यात शिजतात. बाहेर जाळ, आत कोंडलेली वाफ आणि गोल करून बसलेली माणसं गप्पा हाणत वाट बघतात. चांगलं लागतं, मी नाही म्हणत नाही. मी खात नाही, एवढंच. नातेवाइकांना वाटतं मला वालाने पित्त होतं. वाटू दे.

माझं भांडण शेंगांशी नाही, एका शब्दाशी आहे. माणगावच्या एका शाळेत मी मराठी शिकवते. ‘सुटणे’ या क्रियापदाचे अर्थ विचारले की पोरं भराभर सांगतात. शाळा सुटते. गाडी सुटते. गाठ सुटते, गणित सुटतं, वारा सुटतो, तोंडाला पाणी सुटतं. मागच्या बाकावरून कोणीतरी ‘पोट सुटतं’ म्हणतं आणि वर्ग हसतो. मी फळ्यावर लिहीत जाते. नोकरी सुटते हे कोणाला आठवत नाही, त्यांचं ते वय नाही. तुरुंगातला माणूस सुटतो. आणि हाल हाल होऊन एखादा गेला की दारात जमलेली माणसं म्हणतात, सुटला बिचारा. इथपर्यंत आले की मी खडू ठेवते. एक अर्थ मी फळ्यावर कधीच लिहीत नाही. देश सुटतो.

आमचं गाव काशीदच्या मागे, डोंगर आणि खारजमीन यांच्या मधल्या चिंचोळ्या पट्टीत. तिथे माणसाला त्याच्या नावाने ओळखायची रीत नाही. जो जिथे पोटाला लागला तेच त्याचं नाव. मुंबईला गोदीत होता तो गोदी. मस्कतला वायरमन होता तो मस्कत. माझे बाबा कुवेतला पाण्याचा टँकर चालवायचे, म्हणून ते कुवेत. ‘कुवेत आला का गो सुट्टीवर?’ ‘कुवेतची पोर हुशार हाय.’ ‘कुवेतच्या वाडीत नारळ पडलेत, उचला.’ पत्रिकेत, मतदारयादीत काय असेल ते असो, गावाच्या तोंडात माझ्या बापाचं नाव म्हणजे एक अख्खा देश होता. आणि गंमत बघा, आमच्या विहिरीला उन्हाळ्यात मचूळ पाणी. तोंडात घेतलं तर थुंकावंसं वाटे. असलं पाणी पिऊन वाढलेला माणूस समुद्र ओलांडून गेला आणि तेलाच्या देशात लोकांच्या गच्चीवर गोडं पाणी चढवू लागला.

मग एके दिवशी त्या देशाचा शेजारी रणगाडे घेऊन आत घुसला आणि त्याने तो देश गिळला. इराकच्या त्या राज्यकर्त्याचा मला काडीचा पुळका नाही, हे आधीच सांगते, कारण पुढचं ऐकून लोक मला विचारतात, मग तुम्ही कोणाच्या बाजूच्या? मी माझ्या आईच्या बाजूची. गणपतीच्या सुमारास माणसं परत यायला लागली. जॉर्डनमार्गे, वाळवंटातल्या तंबूंतून, अंगावरच्या कपड्यांनिशी. माणगावचे आले, श्रीवर्धनचे आले. बाबा आले नाहीत.

बाबांबरोबर काम करणारे म्हसळ्याचे इस्माईलभाई तेवढे घरी येऊन सांगून गेले. ओट्यावर बसले, पाणी प्यायले, आणि आईकडे न बघता बोलले.

“भाबी, मी त्याचा हात धरला व्हता. बस दारात उभी. मी बोललो, चल. तर तो बोलतो, टाकी भरलेली हाय, त्या बिल्डिंगीत बायका-पोरं हायत, खाली करून पुढच्या गाडीला येतो.”

“मग?”

“मग काय भाबी. पुढची गाडी आलीच न्हाय. रस्ते बंद झाले.”

इस्माईलभाई उठून अंगणात गेल्यावर आई म्हणाली, “पानी वतून द्यायचा व्हता आन् यायचा व्हता.” हे वाक्य पुढे आमच्या घरात सहा महिने होतं. भाकरी थापताना, म्हैस पिळताना, माझ्या वेण्या घालताना ती मध्येच ते म्हणायची, आणि वेणी जरा जास्तच घट्ट ओढली जायची.

वाल वर आला, फुलला, आणि त्याच सुमाराला ती मोहीम सुरू झाली. कितीतरी देश एक झाले म्हणे. ज्यांची एरवी एकमेकांशी तोंडं नव्हती तेही खांद्याला खांदा लावून उभे राहिले. गिळलेला देश सोडवायचा होता ना. आमच्या गुरुजींनी फळ्यावर नकाशा काढला आणि चारी बाजूंनी बाण ओढले. बाणांच्या टोकाशी एक इवलासा तुकडा होता आणि त्या तुकड्यात माझा बाप टँकर घेऊन उभा होता. गुरुजींनी त्या तुकड्यावर डस्टर ठेवलं आणि भूगोलाकडे वळले.

गावात एकच टीव्ही चालू स्थितीत होता, किराणा दुकानाच्या ओट्यावर. संध्याकाळच्या बातम्यांना पुरुषांची ही गर्दी. पडद्यावर हिरवट अंधार आणि त्यात ठिणग्या उडताना दिसत. “काय निशाना हाय रं!” कोणीतरी म्हणे. “चिमनीतून आत टाकतात बोलं.” कोणी एका बाजूचा, कोणी दुसऱ्या बाजूचा, पैजा लागत. सामना बघायला जमावेत तसे जमत. सगळ्यांना माहीत होतं की कुवेत तिथेच आहे, म्हणजे आमचा कुवेत. पण टीव्हीतला कुवेत वेगळा आणि आमचा वेगळा, असं त्यांच्या डोक्यात पक्कं बसलेलं होतं. आईने मला त्या ओट्यावर जायची बंदी केली होती. मी शेंगा तोडायच्या निमित्ताने मागच्या शेतात जाऊन तिथून ऐकायची, म्हणून माझ्या आठवणीत त्या युद्धाला भांबुर्डीचा वास आहे.

तिकडे तेल पेटलं आणि इकडे रॉकेल मिळेना. रेशनच्या दुकानापुढे डब्यांची रांग सकाळपासून लागायची. एकदा आई रांगेत उभी असताना पुढच्या बाईने मागे वळून विचारलं, “कुवेतची बायको ना गो तू? आन् तू रॉकेलला उभी? सांग ना तुज्या घोवाला, दोन डबे धाड बोलून.” रांग खदखदून हसली. आई म्हणाली, “माजा घोव तेल न्हाय वाटत, पानी वाटतो. तुला पायजे?” आणि रिकामा डबा घेऊन घरी आली. मग काही दिवस आम्ही उजेड असेपर्यंतच जेवायचो.

माघी चतुर्थीला ती पालीला गेली. गावातल्या बायका जायच्या त्यांच्याबरोबर, एसटीने. बल्लाळेश्वराच्या पुढ्यात सगळ्या नवस बोलल्या. परत आल्यावर मी विचारलं, तू काय मागितलंस? ती पायांवर पाणी घेत होती. “मागायला न्हाय गेलते,” म्हणाली. “जाब इचारायला गेलते.” देवाने काय जाब दिला ते मी विचारलं नाही. तिच्या तोंडावरून कळत होतं.

धाकट्या काकाचं नाव मधुकर. आम्ही मधुकाका म्हणतो. बाबांचा हा सख्खा भाऊ तेव्हा कॉलेज सोडून गावभर हिंडायचा आणि दादा आपल्याला कुवेतला नेणार म्हणून मिशी वाढवून बसला होता. त्या वर्षी माघ संपून शिमगा आला तरी त्याच्या पोपट्या चालूच होत्या. भाऊ तिकडे बाणांच्या टोकाशी आणि हा इकडे रोज कोणाच्या तरी शेतात मडकं लावून बसलेला. शिमग्याच्या आदल्या दिवशी त्यांची शेवटची पोपटी ठरली होती. वाल वाळायला लागला होता, हिरव्या शेंगा शोधून शोधून काढाव्या लागत होत्या. मधुकाका रेवदंड्याच्या बाजारातून मडकं आणायला गेला होता.

आई अंगणात वाळलेले वेल झोडपत होती. मी दाणे गोळा करत होते. ऊन कलायला लागलं होतं. पाणंदीच्या टोकाला मधुकाका दिसला, डोक्यावर मडकं, एका हाताने धरलेलं, आणि तो पळत होता. पळत पळत ओरडत होता.

“सुटला! कुवेत सुटला! वयनी, कुवेत सुटला!”

आता तुम्हीच सांगा, ती काय समजली असेल? सहा महिने गाव तिच्या तोंडावर म्हणत होतं, काय हाल व्हत असतील गो त्याचे, एकदाचा सुटू दे. ‘कुवेत’ हे तिच्या नवऱ्याचं नाव. ‘सुटला’ हा मेलेल्याबद्दल बोलायचा शब्द. दुसऱ्या कुठल्या गावात, दुसऱ्या कुठल्या भाषेत ही चूक झालीच नसती. जगातल्या इतक्या देशांनी मिळून जी आनंदाची बातमी तयार केली होती, ती आमच्या पाणंदीतून येताना उलटी झाली.

तिने हातातली काठी टाकली, उखळापाशी बसली आणि दोन्ही मनगटं उखळाच्या दगडी कडेवर आपटली. हे बाईने स्वतः करायचं नसतं. दुसऱ्या बायका येतात, हात धरतात, बांगड्या त्या फोडतात. तिने कोणाची वाट बघितली नाही. हिरव्या काचा वालाच्या दाण्यांत उडाल्या. मधुकाका अंगणात येईपर्यंत दोन्ही हात रिकामे झाले होते आणि एका मनगटातून रक्त येत होतं.

“अगो वयनी, काय केलास! दादा न्हाय गो, देस! देस सुटला! रेडिओवर सांगतात!”

आईने त्याच्याकडे बघितलं. मग मडक्याकडे बघितलं. “आन् दादा?” तिने विचारलं.

मधुकाकाला ते माहीत नव्हतं. रेडिओला विचारायचं त्याला सुचलं नव्हतं.

ते दाणे मी नंतर किती दिवस निवडत होते. काच आणि वाल उन्हात सारखेच चमकतात, हाताला लागल्यावरच फरक कळतो. आणि एवढं होऊन त्या संध्याकाळी पोपटी लागली. लागली म्हणजे काय, दणक्यात लागली. कुवेत सुटल्याची पोपटी. आमच्या मागच्याच शेतात. जाळ दिसत होता, हसणं ऐकू येत होतं, आणि आई भिंतीकडे तोंड करून बसली होती. शेंगांची पहिली ताटली काकाने आमच्याकडे पाठवली. आईने ती म्हशीपुढे ठेवली.

वर्गात मी प्रयोग शिकवते तेव्हा पोरांना सांगते, वाक्यातला कर्ता शोधा. ‘कुवेत मुक्त करण्यात आला.’ कोणी केला? वाक्यात तो नाही. कोण मेलं, कोणाचं पाणी तुटलं, कोणाच्या अंगणात काय फुटलं? तेही नाही. असली वाक्यं फार स्वच्छ असतात, कारण ती लिहिण्याआधी सगळं पुसून घेतलेलं असतं. एकदा एका सहकारी शिक्षकाने मला समजावलं, “मॅडम, काही झालं तरी अन्याय दूर झाला ना?” झाला असेल. मी कुठे नाही म्हणते? पण ज्या दिवशी अन्याय दूर होतो त्या दिवशी पाणंदीतून पळत येणाऱ्याने जरा थांबून, कोणाचा भाऊ जिवंत आहे आणि कोणाचा नाही, एवढं विचारून यावं. माझी तेवढीच मागणी आहे आणि ती कोणीच मनावर घेत नाही.

शिमगा झाला. काशीदच्या किनाऱ्यावर माणसं मावळता सूर्य बघून सांगायला लागली की तो काळवंडलाय, कुवेतातल्या विहिरींचा धूर इथवर आलाय. मला तो नेहमीसारखाच दिसायचा. शेजारच्या म्हाताऱ्या आईला म्हणायच्या, “भर गो हात. देस सुटलाय, मानूसबी यील. मोकले हात बरे न्हाय दिसत.” आई म्हणायची, “आदी मानूस दिसू दे.”

माणूस दिसला तो आंबे उतरल्यावर. आई अंगणात मिरच्या वाळत घालत होती. एसटी थांब्यापासून चालत कोणीतरी आलं, खांद्याला एक पिशवी, आणि बेड्याशी, अंगणाच्या बांबूच्या फाटकाशी, उभं राहिलं. मी ओळखलं नाही. आईने ओळखलं, पण ती उठली नाही. बाबांनी तिच्याकडे बघितलं, मग तिच्या हातांकडे बघितलं, आणि त्यांचा चेहरा उतरला.

“कोन गेला?” त्यांनी विचारलं.

“तुमी,” आई म्हणाली.

मग ती उठून आत गेली आणि त्यांच्यासाठी पाणी घेऊन आली. मचूळ पाणी. ते त्यांनी उभ्या उभ्या प्यायलं, तांब्या पुन्हा पुढे केला, पुन्हा प्यायलं. तिसऱ्या तांब्याला आई रडायला लागली.

बाबा कुवेतबद्दल फारसं बोलत नसत. भरदुपारी दिवे लावून टँकर चालवायचो, एवढं एकदा सांगितलं होतं. मेंढ्या काळ्या झाल्या होत्या, असंही सांगितलं होतं. आणि सगळं सुटल्यावर कुठल्याशा सैनिकांनी टँकर नेला. कुठल्या देशाचे होते ते त्यांनाच कळलं नव्हतं. चावी द्या म्हणाले, यांनी दिली. इतके महिने जो टँकर सोडून निघता आलं नाही तो हातातून असा गेला. कुवेतही गेला. त्यांनी पुन्हा तिकडचं नाव काढलं नाही. पुढे उन्हाळ्यात इकडच्याच डोंगरातल्या वाड्यांना पाणी पुरवायच्या टँकरवर चालक म्हणून राहिले, म्हातारे होईपर्यंत. गावाने नाव मात्र बदललं नाही. कुवेत ते कुवेतच.

आईने हात भरले नाहीत. चुडीवाला दारात यायचा, बाबा स्वतः तिच्यासाठी हिरव्या काढून ठेवायचे. ती सोन्याची पाटली असली तर घालायची, लग्नाकार्यात कोणी डोळे वटारले तर प्लॅस्टिकच्या चढवायची आणि घरी आल्याबरोबर काढायची. काचेला तिने हात लावला नाही. नवरा ढळढळीत समोर बसलेला आणि हिचे हात मोकळे. गावाला वाटलं, बाईच्या डोक्यावर परिणाम झाला. काही वर्षांनी बाबांनी चुडीवाल्याला थांबवायचं सोडून दिलं.

आणि मधुकाकाने या सगळ्याचा विनोद केला. दर माघात पोपटी लागली, जाळ चढला, की कोणीतरी म्हणायचं, “मधू, ती कुवेतची सांग रं.” मग काका हातात काठी घेऊन उभा राहायचा. आधी पळून दाखवायचा, डोक्यावर मडकं धरल्यासारखा हात. मग आईची नक्कल, धाडकन हात आपटायचे. माणसं पोट धरून हसायची. मग बेड्याशी उभा दादा. “कोन गेला?” “तुमी!” इथे तर काहींच्या डोळ्यांत पाणी यायचं हसून. आणि शेवटी काका काठी फिरवून जाळापलीकडे रोखायचा, जिथे वाऱ्याची बाजू धरून, धूर टाळून बाबा बसलेले असायचे. “हा बघा, सुटलेला मानूस!” बाबा उठून उभे राहायचे, हात जोडायचे, कसंनुसं हसायचे आणि पुन्हा बसायचे. टाळ्या. मग मडकं फोडायचं. पुढे काकाने काशीदला खोल्या बांधल्या, पाहुणे यायला लागले, तेव्हा हा किस्सा पोपटीबरोबर फुकट मिळायला लागला. आई कधी गेली नाही. बाबा जायचे, भावाने बोलावलं म्हणून.

गेल्या श्रावणात बाबा वारले. फुप्फुसं गेली होती. महिनाभर बसून झोपायचे. ज्या दिवशी गेले त्या दिवशी ओट्यावर जो येईल तो तेच म्हणत होता, “सुटला बिचारा.” मी आत दार लावून बसले. बायका आल्या, आईच्या भोवती बसल्या, एकीने रिवाजाप्रमाणे तिचा हात ओढला आणि थबकली. फोडायला काही नव्हतं.

“फोडायचा ते कवाच फोडून झालाय,” आई म्हणाली. “सोड हात.”

दिवस झाल्यावर मी तिला विचारलं, हात पुन्हा का नाही भरलेस? इतकी वर्षं विचारलं नव्हतं. ती लसूण सोलत होती. म्हणाली, “त्या दिशी सगल्यांना घाई व्हती. मधूला सांगायची घाई, मना फोडायची घाई. कोनी इचारला न्हाय, कोन सुटला. तवाच ठरवला, उद्या परत कोन तरी काय तरी वरडत यील. त्याच्या वरडन्यावर फोडायला माज्या हातात काय ठेवायचाच न्हाय.” आणि सालं फुंकरून टाकली. मला इतकी वर्षं वाटत होतं ती घाबरते. ती घाबरत नव्हती. ती रागात होती, आणि तो राग तिने मनगटावर सगळ्यांना दिसेल असा ठेवला होता.

या माघात आखातात पुन्हा काहीतरी पेटलंय. मोबाइल उघडला की नकाशे, नकाशांवर बाण. मधुकाकाचा फोन आला, वयनीला घेऊन ये काशीदला, घरात बसून कुढते, पोपटी लावतो. मला वाटलं आई नाही म्हणेल. ती म्हणाली, “जाऊ.”

काकाकडे पुण्याचे पाहुणे होते. वाळूच्या अलीकडे, नारळाखाली मडकं लागलं होतं, उजेड अजून होता. आई सरळ जाऊन वाऱ्याच्या बाजूला, बाबा बसायचे त्या जागेच्या शेजारी बसली. ती जागा तिने मोकळी ठेवली. पाहुण्यांपैकी एकजण फोनमध्ये बघत म्हणाला, “परत वॉर होणार असं दिसतंय.” आणि सवय लागलेल्या काकाला तेवढं पुरलं. मधुकाका उठला. मिशी पांढरी झालीय आता, गुडघे दुखतात, तरी हातात काठी घेतली.

त्याने सगळं केलं. पळून दाखवलं. “सुटला! कुवेत सुटला!” पाहुणे हसले. हात आपटून दाखवले, पाहुणे जास्त हसले, एका मुलीने तोंडावर हात घेतला आणि आईकडे बघितलं नाही, कारण ती कोण हे तिला माहीत नव्हतं. “कोन गेला?” “तुमी!” जाळ भडकला होता, झावळ्या तडतडत होत्या. काकाने काठी फिरवली आणि जाळापलीकडे रोखली.

“हा बघा...”

काठी त्या मोकळ्या जागेकडे होती. काकाचं तोंड उघडं राहिलं. पाहुणे माना वळवून बघायला लागले की कोण.

“बोल ना,” आई म्हणाली. आवाज चढवला नाही. “तवा लय घाई केलीस. आता बोल, कुवेत सुटला. आता बरोबर हाय.”

मधुकाकाच्या हातातली काठी तशीच वर राहिली. मग तो खाली बसला, वाळूत, जिथे होता तिथेच, आणि “दादा” म्हणाला. पोपटी करपल्याचा वास यायला लागला तरी कोणी उठलं नाही.